साउंड, कॅमेरा, एडिट: एका माणसाने किती कामं करावीत?

पुण्यात शॉर्टफिल्म करणाऱ्या जवळपास प्रत्येक ग्रुपमध्ये एक जण असतोच, जो सोमवारी बूम (काठीला लावलेला माइक) धरतो, बुधवारी फोकस पुलिंग (शॉट चालू असताना लेन्सचा फोकस सांभाळणं) करतो आणि शनिवार-रविवार तिसऱ्याच कुणाची फिल्म एडिट करत बसतो. घरचे विचारतात, ‘तू नक्की करतोस काय?’ आणि एका शब्दात उत्तर देता येत नाही. हे त्याच मुलामुलींसाठी लिहितोय. चार डिपार्टमेंटमध्ये काम करणं ही धरसोड आहे असं मला अजिबात वाटत नाही. फक्त कुठलं काम कशाशी जोडायचं, कुठलं मुळीच जोडायचं नाही आणि एका टेबलावरून उठून दुसऱ्यावर बसताना काय शिकून जायचं, हे नीट कळलं पाहिजे.

या गावात तर ही जुनीच रीत आहे. प्रभात फिल्म कंपनीचे विष्णुपंत दामले, म्हणजे दामलेमामा, पडदे रंगवण्याच्या कामातून पुढे आले. कोल्हापुरात बाबूराव पेंटरांच्या हाताखाली ते सिनेमाचं यंत्र आणि तंत्र दोन्ही शिकले. १९२९ मध्ये प्रभातच्या पाच भागीदारांपैकी एक झाले. १९३२ मध्ये पहिला मराठी बोलपट आला, त्याचं ध्वनिमुद्रण त्यांनी केलं. कंपनी १९३३ मध्ये पुण्यात आली आणि १९३६ मध्ये फत्तेलालांबरोबर त्यांनी ‘संत तुकाराम’ दिग्दर्शित केला, ज्याचा पुढच्या वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात गौरव झाला. चित्रकला, यंत्र, ध्वनी, दिग्दर्शन. जोडीदार फत्तेलाल, म्हणजे साहेबमामा, तसेच: कलादिग्दर्शन त्यांचं आणि दिग्दर्शनातही अर्धा वाटा त्यांचा. पुण्यातल्या ज्या आवारात ‘संत तुकाराम’ घडला तिथेच आज फिल्म इन्स्टिट्यूट आहे.

त्या काळातल्या ध्वनिमुद्रणाची एक गोष्ट आजही लक्षात ठेवण्यासारखी आहे. आवाज तेव्हा फिल्मवरच प्रकाशाच्या पट्टीच्या रूपात उमटवला जायचा. ती फिल्म लॅबमध्ये धुवून येईपर्यंत काय मुद्रित झालंय ते ऐकताच यायचं नाही. म्हणजे चूक व्हायची सेटवर आणि सापडायची लॅबमध्ये, तोवर सेट मोडलेला असायचा. आज हेडफोन आहेत, मॉनिटर आहे, तरी सिनेमातल्या चुकांचा स्वभाव तोच राहिलाय. होतात एका टेबलावर, सापडतात दुसऱ्या टेबलावर. जो दोन्ही टेबलांवर बसलाय, त्याला ती चूक होण्याआधी दिसते. अनेक कामं करण्याचा खरा फायदा माझ्या मते एवढाच आहे, आणि तो फार मोठा आहे.

म्हणून सुरुवात कुठून करावी असं कुणी विचारलं, तर मी असिस्टंट एडिटरच्या कामापासून सांगेन. तिथे सगळ्यांच्या चुका येऊन पडतात. सहा महिने नुसतं सिंकिंग (चित्राला आवाज जुळवणं) केलं तरी सेटवर काय करू नये याची यादी डोक्यात तयार होते.

त्यातली पहिली चूक फ्रेम रेटची, म्हणजे सेकंदाला किती फ्रेम घ्यायच्या याची. बऱ्याच कॅमेऱ्यांच्या मेन्यूमध्ये २३.९८ आणि २४ असे दोन वेगळे पर्याय असतात आणि घाईत ते एकच वाटतात. फरक आहे हजारात एकाचा. दोन मिनिटांच्या टेकमध्ये तो जवळपास ३ फ्रेमचा होतो, म्हणजे ओठ आणि शब्द सुटे दिसायला लागतात. दहा मिनिटांच्या मुलाखतीत १४ फ्रेम, अर्ध्या सेकंदाहून जास्त. क्लॅपवर (शॉटच्या सुरुवातीला पाटी वाजवतात तिथे) सिंक बरोबर दिसतं, शेवटाकडे सरकलेलं असतं, आणि असिस्टंट बिचारा साउंडवाल्याला फोन लावतो. सुरुवातीला बरोबर आणि पुढे हळूहळू सुटत जाणारं सिंक दिसलं की आधी फ्रेम रेट तपासा. पहिल्यापासून सारखंच सुटलेलं असेल तर फक्त क्लॅपची जागा चुकली आहे, ते सरकवून काम होतं.

दुसरी चूक २४ की २५ हे न ठरवता शूटला जाण्याची. फिल्म थिएटरमध्ये दाखवायची असेल तर डीसीपी (थिएटरला द्यायची डिजिटल प्रत) साधारणतः २४ चीच लागते. २५ वर शूट झालेली फिल्म फ्रेमला फ्रेम ठेवून २४ वर नेली तर ती चार टक्क्यांहून थोडी लांबते, आणि आवाजाची पट्टी दुरुस्त केली नाही तर हार्मोनियमच्या शेजारच्या दोन पट्ट्यांमधल्या अंतराच्या अर्ध्याहून जास्त खाली उतरते. संवादात हे कदाचित चालून जाईल, गाण्यात लगेच कळतं. हा निर्णय एडिटवर घ्यायचा नसतो. पहिल्या मीटिंगमध्ये दिग्दर्शक, कॅमेरा, साउंड आणि एडिट या चौघांनी घ्यायचा असतो.

क्लॅपबद्दल थोडक्यात. सीन, शॉट, टेक हे आकडे तोंडाने बोलायचे, पाटीवर दिसायचे आणि साउंड रिपोर्टमध्ये लिहायचे, तिन्ही सारखे. पाटी फोकसमध्ये हवी. क्लोजअपला नटाच्या नाकासमोर जोरात वाजवायची नाही, हळू वाजवली तरी वेव्हफॉर्मवर (आवाजाच्या आलेखावर) टोक दिसतं. सुरुवातीला क्लॅप राहिला तर शॉटच्या शेवटी पाटी उलटी धरून द्यायचा. आणि शॉटचा नंबर पुन्हा वापरायचा नाही, लेन्स बदलली की नवा नंबर.

आता साउंड. इथे थोडं रेंगाळतो, कारण पुण्यातल्या फिल्म सर्वांत जास्त इथेच मार खातात.

रेकी (शूटआधीची लोकेशनची पाहणी) म्हणजे फोटो काढून परत येणं नव्हे. ज्या वेळेला सीन शूट होणार त्याच वेळेला लोकेशनवर जाऊन हेडफोन लावून दहा मिनिटं शांत बसायचं. सदाशिव पेठेतला वाडा दुपारी तीनला स्वर्ग असतो आणि सकाळी आठला तिथे पाण्याची मोटर, भांडी, शाळेच्या रिक्षा आणि शेजारच्या कुकरच्या शिट्ट्या. उन्हाळ्यात कोकिळा. तिचा आवाज संवादाच्या पट्ट्यातच मिसळतो, नंतर तो गाळून काढायला गेलात तर माणसाचा आवाजही पोकळ होतो. त्यामुळे चैत्र-वैशाखात झाडाजवळच्या खोलीतला सीन भर दुपारी लावलेला बरा.

लोकेशनवर पोचल्यावर फॅन बंद, फ्रिज बंद, घड्याळ टिकटिकत असेल तर दुसऱ्या खोलीत. फ्रिज बंद केलात की गाडीची किल्ली फ्रिजमध्ये ठेवा. मग पॅक अपनंतर फ्रिज चालू केल्याशिवाय घरी जाताच येत नाही, आणि घरमालकाचं दूध नासत नाही. जगभरचे साउंडवाले हे करतात.

बूम जितका जवळ नेता येईल तितका न्या. फ्रेमच्या कडेबाहेर, वरून आणि थोडा पुढून, तोंड छातीच्या दिशेने. तोंडापासून दीड-दोन फुटांवर मिळाला तर उत्तम. अंतर दुप्पट झालं की थेट आवाज ६ डेसिबलने उतरतो, खोलीचा घुमारा मात्र तेवढाच राहतो, म्हणून लांबचा संवाद ‘बाथरूममधला’ वाटतो. लहान खोलीत, विशेषतः फरशी आणि रिकाम्या भिंती असलेल्या, लांब शॉटगन माइक (समोरचाच आवाज टिपणारा नळीसारखा माइक) लावू नका. बाजूने परत येणारे आवाज तो विचित्र करून घेतो. तिथे आखूड सुपरकार्डिऑइड (मुख्यतः समोरून ऐकणारा) माइक जास्त स्वच्छ ऐकू येतो. चार जाड गोधड्या किंवा सतरंज्या कॅमेऱ्याच्या मागच्या भिंतीवर आणि फ्रेमबाहेरच्या फरशीवर टाकल्या तर अर्धं काम होतं.

लेव्हल संवादाच्या टोकाला उणे १२ डेसिबलच्या आसपास ठेवा. फाइल ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. हल्ली ३२ बिट फ्लोटचे रेकॉर्डर आले आहेत आणि त्यामुळे लेव्हल बघायचीच नाही अशी सवय लागतेय, ती वाईट आहे. रेकॉर्डरमध्ये फाटलेला आवाज त्यात वाचतो, पण वायरलेसच्या ट्रान्समीटरमध्येच फाटला असेल तर नाही. आणि लांबून घेतलेला, पंख्यात बुडालेला आवाज कुठल्याच बिटमध्ये वाचत नाही.

लेपल माइक, म्हणजे कपड्यांत लपवायचा छोटा माइक, हे आपल्याकडे वेगळंच प्रकरण आहे, कारण पुस्तकं शर्ट-कोटाचा विचार करून लिहिलेली असतात. आपल्याकडे समोर असते साडी आणि गळ्यात मंगळसूत्र. लेपल छातीच्या मध्यावर लावला की मंगळसूत्राच्या वाट्या प्रत्येक हालचालीला त्यावर टकटक करतात, आणि हा आवाज शब्दाच्या बरोबर मधोमध येतो. उपाय तीन. वाट्यांच्या मागे दुहेरी टेपचा छोटा तुकडा लावून त्या साडीला चिकटवायच्या. किंवा माइक खांद्याच्या बाजूला, ब्लाउजच्या काठाच्या आत, पदराखाली येणार नाही असा सरकवायचा. किंवा केसांच्या रेषेत लपवायचा. चिकटवायला दवाखान्यातली कागदी सर्जिकल टेप चालते, घामाने निघते म्हणून दर दोन तासांनी बदलायची. माइकच्या खाली वायरचं एक छोटं वेटोळं टेपने पक्कं करायचं, म्हणजे वायर ओढली गेली तरी धक्का माइकपर्यंत पोचत नाही. पैठणीसारखं रेशीम आणि कडक खळ दिलेलं सुती, दोन्ही खरखरतात. एकदा धुतलेली सुती साडी सर्वांत शांत. हे वेशभूषेच्या माणसाला आठवडाभर आधी सांगायचं असतं, सेटवर नव्हे.

काचेच्या बांगड्या फ्रेममध्ये नसतील तर काढून ठेवा. दिसत असतील तर दोन-दोन बांगड्या मागच्या बाजूने पारदर्शक टेपने एकमेकींना जोडा. पण हे करताच कंटिन्युइटीच्या (शॉटमागून शॉट तपशील सारखे ठेवण्याच्या) माणसाला सांगा. नाहीतर मास्टरमध्ये (पूर्ण सीनच्या रुंद शॉटमध्ये) आठ बांगड्या आणि क्लोजअपमध्ये सहा, आणि ते एडिटवर कळणार. साउंडची सोय कंटिन्युइटीची चूक कशी होते याचं हे अगदी साधं उदाहरण.

पावसाळ्यात पत्र्याचं छप्पर असेल तर त्यावर काथ्याच्या गाद्या किंवा ओली गोणपाटं दोन थरांत टाकायची. थेंब पत्र्यावर न आपटता तंतूंत जिरतो. प्लास्टिकची ताडपत्री टाकलीत तर आवाज आणखी वाढेल.

आणि रूम टोन, म्हणजे कुणी बोलत नसताना खोलीचा स्वतःचा आवाज. सीन संपल्यावर, लाइट बंद करण्याआधी, सगळे जागच्या जागी उभे असताना ६० सेकंद. लाइट विझवल्यावर घेतलेला टोन उपयोगाचा नाही, कारण लाइटच्या पंख्यांची गुणगुण त्यात नसते आणि एडिटवर जोड उघडा पडतो. ‘नंतर घेऊ’ म्हटलं की तो कधीच घेतला जात नाही.

साउंडवरून कॅमेऱ्याकडे गेलेल्या माणसाला एक मोठा फायदा मिळतो: लाइट कुठे लावला की बूमची सावली कुठे पडेल हे त्याला आधीच दिसतं. त्याला नवं शिकावं लागतं ते फ्लिकरचं (दिव्याच्या थरथरीचं) आणि फोकसचं. आपली वीज ५० हर्ट्झची, म्हणजे साधी ट्यूबलाइट सेकंदाला १०० वेळा उजळते. २४ फ्रेम आणि १८० अंशांचं शटर घेतलं तर एक्स्पोजर १/४८ सेकंद होतं आणि ट्यूबखाली हलकी थरथर येऊ शकते. शटर १७२.८ अंश करा, १/५० मिळतं, थरथर जाते. स्लो मोशन १२० फ्रेमला त्याच ट्यूबखाली करू नका, १०० ला बहुतेक वेळा सुटका होते. तपकीर गल्लीतून आणलेले स्वस्त एलईडी मात्र ५० हर्ट्झचा हिशेब पाळतीलच असं नाही, विशेषतः डिम केल्यावर. ते आदल्या दिवशी, ज्या उजेडावर वापरणार त्याच उजेडावर, शूट करून मोठ्या स्क्रीनवर बघायचे.

फोकसचं माप टेपने घेताना लेन्सच्या टोकापासून घ्यायचं नाही. कॅमेऱ्याच्या अंगावर गोल आणि त्यातून गेलेली रेघ अशी खूण असते, तिथून घ्यायचं, सेन्सर तिथे असतो. सुपर ३५ (सिनेमाच्या कॅमेऱ्यांचं एक प्रचलित माप) सेन्सर, ५० मिलिमीटरची लेन्स, टी २ (लेन्स किती उघडी आहे याचा आकडा) आणि नट सहा फुटांवर, तर फोकसमध्ये राहणारी जागा जेमतेम १३ सेंटीमीटर. नट खुर्चीत मागे टेकला की डोळे गेले. तेच टी ५.६ वर ३७ सेंटीमीटर मिळतात. त्यामुळे नवीन फोकस पुलर असेल तर हट्टाने लेन्स पूर्ण उघडी ठेवू नका, लाइट वाढवा आणि तीन स्टॉप बंद करा (टी २ वरून टी ५.६). पार्श्वभूमी थोडी स्पष्ट दिसेल, पण सीन वापरता येईल. पावसाळ्यात एसी गाडीतून उतरल्यावर बॅग लगेच उघडायची नाही, अर्धा तास तशीच ठेवायची. थंड काचेवर दमट हवा बसून धुकं धरतं, आणि हे वारंवार झालं की लेन्समध्ये बुरशी येते.

डेटा सांभाळणं हे काम सगळ्यात नव्या पोराला देतात, हे मला पटत नाही. प्रोरेस ४२२ एचक्यू (एडिटला सोयीचा व्हिडिओ फॉरमॅट), यूएचडी, २४ फ्रेम: तासाला साधारण ३१८ जीबी. दिवसाला तीन तास रश (शूट झालेलं कच्चं फुटेज) आले तर एक टीबीच्या जवळ, आणि प्रती दोन हव्यात. साधी फिरती डिस्क सेकंदाला १२० एमबी लिहिते असं धरलं तर एका तासाच्या रशला पाऊण तास लागतो, आणि पडताळणी धरून जवळपास दुप्पट. म्हणजे पॅक अपनंतर कॉपी सुरू करून चालणार नाही, जेवणाच्या सुट्टीत पहिली कार्डं रिकामी व्हायला लागली पाहिजेत. कॉपी नेहमी चेकसम (मूळ आणि प्रत तंतोतंत सारखी आहे का ते सांगणारा आकडा) पडताळणाऱ्या सॉफ्टवेअरने. कार्डावरचं फोल्डर जसंच्या तसं, आतली एकही फाइल हलवायची किंवा नाव बदलायचं नाही. भरलेल्या कार्डावर लाल टेप, आणि दोन प्रती पडताळून झाल्यावरच ती काढायची. टेप काढणारा माणूस एकच असावा.

मग जोड्या कुठल्या जमतात? सेटवर साउंड घेणारा आणि नंतर संवादांचं एडिटिंग करणारा माणूस एकच असेल तर फार छान, कारण कुठल्या टेकला कुठला माइक चांगला होता हे त्याला आठवतं. डेटा आणि असिस्टंट एडिटर ही जोडीही उत्तम. दिग्दर्शन आणि कॅमेरा एका हातात जमतं, अविनाश अरुण यांनी ‘किल्ला’ असाच केला. पण लहान युनिटने हे करताना नटाकडे बघणारा दुसरा डोळा मॉनिटरवर बसवलाच पाहिजे. दिग्दर्शन दोघांत वाटून घेणंही पुण्याला नवीन नाही, दामले-फत्तेलालांनंतर सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांनी वर्षानुवर्षं ते केलं.

जमत नाही ते कॅमेरा आणि साउंड एकाच वेळी. एकाच माणसाला एकाच क्षणी फोकसही बघायचाय आणि मागची रिक्षाही ऐकायचीय, यातलं एक निसटतंच. कॅमेऱ्यावर माइक बसवून हा प्रश्न सुटत नाही, माइक फक्त नटापासून लांब जातो. तसंच फर्स्ट असिस्टंट डिरेक्टर (सेटचं वेळापत्रक सांभाळणारा) आणि कंटिन्युइटी. पहिला घड्याळाकडे बघतो, दुसरा तपशिलाकडे, आणि दिवस मागे पडला की घड्याळ जिंकतं.

एडिटवरून दिग्दर्शनाकडे आलेले लोक दोन सवयी घेऊन येतात आणि त्या सोन्यासारख्या आहेत. ‘ॲक्शन’नंतर दोन सेकंद आणि शेवटच्या शब्दानंतर तीन सेकंद काहीही न बोलता थांबणं. बरेच दिग्दर्शक शेवटच्या अक्षरावरच ‘कट’ ओरडतात, आणि तो कट संवादाच्या शेपटावर चिकटून येतो. दुसरी सवय, संहितेची लांबी स्टॉपवॉच लावून मोठ्याने वाचून मोजणं. एक पान एक मिनिट हे गणित इंग्रजी संहितेच्या ठरलेल्या मांडणीवर बसलंय, आपल्या देवनागरी पानावर ते सरळ लागू पडत नाही. त्यांची अडचण एकच: स्वतः शूट केलेलं स्वतःच कापताना त्यांना तो शॉट घ्यायला लागलेले कष्ट दिसतात, शॉट दिसत नाही. पहिला कट दुसऱ्याला लावू द्यावा.

या सगळ्यातून चुका आधीच पकडायला एक अर्धा दिवस पुरतो, आणि तो प्रत्येक शूटच्या आधी काढावाच. ठरलेला कॅमेरा, ठरलेला रेकॉर्डर, ठरलेला लाइट घ्या. सुरुवातीला एक आणि शेवटी एक क्लॅप देऊन पाच मिनिटांचा एक अखंड टेक घ्या, मध्ये कुणीतरी बोलत राहू दे. कार्ड पडताळून कॉपी करा. प्रॉक्सी (एडिटसाठी हलक्या प्रती) बनवा, सिंक करा, दोन्ही क्लॅप बसतात का बघा. वीस सेकंदांचा तुकडा कापा, पहिल्या फ्रेमच्या बरोबर दोन सेकंद आधी एका फ्रेमचा बीप ठेवा, दोन्ही बाजूंना पाच सेकंदांची शिल्लक ठेवून साउंडसाठी एएएफ (एडिट दुसऱ्या सॉफ्टवेअरमध्ये नेणारी फाइल) काढा, साउंडच्या सॉफ्टवेअरमध्ये उघडा, परत मिक्स करून आणा, एडिट मूळ फायलींना परत जोडा (रिलिंक करा), डीसीपी बनवून मोठ्या पडद्यावर नाहीतर निदान टीव्हीवर लावा. बीप जागेवर असेल, शेवटचा क्लॅप जुळत असेल आणि लाइट थरथरत नसेल, तर कॉल शीट (शूटच्या दिवसाचं वेळापत्रक) पाठवा.